कंत्राटदाराने पगार थकवला तर: दावा कसा बांधायचा, कुठे लावायचा, पैसे कसे वसूल करायचे

सात तारीख उलटते, पंधरा येते, आणि मुकादम सांगतो, "वरून बिल निघालं नाही, थोडं थांबा." पुढच्या महिन्यात तेच उत्तर. तिसऱ्या महिन्यात टेंडर बदलतं, जुना कंत्राटदार फोन उचलत नाही, नवा म्हणतो, "माझा काय संबंध?" रुग्णालयातली सफाई, महापालिकेचं कचरा संकलन, कारखान्यातलं लोडिंग, शाळांमधलं सुरक्षेचं काम, कुठेही गेलात तरी गोष्ट बहुतेक अशीच चालते.

या लेखाचा भर एका मुद्द्यावर आहे. थकलेल्या पगाराचे बरेच दावे कच्चे पडतात, कारण कामगार एकट्या कंत्राटदाराच्या मागे लागतो. ज्याच्या आवारात काम केलं तो मूळ मालक पहिल्या पत्रापासून, पहिल्या अर्जापासून दाव्यात असायला हवा. कंत्राटदार गायब होऊ शकतो. महापालिका, कंपनी किंवा रुग्णालय गायब होत नाही.

सध्या कोणता कायदा लागू आहे

२१ नोव्हेंबर २०२५ पासून चारही कामगार संहिता लागू झाल्या. पगारासाठी वेतन संहिता, २०१९ महत्त्वाची. तिने वेतन प्रदान अधिनियम १९३६, किमान वेतन अधिनियम १९४८, बोनस अधिनियम १९६५ आणि समान वेतन अधिनियम १९७६ यांची जागा घेतली. १९७० चा कंत्राटी कामगार अधिनियम आता व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कामाची परिस्थिती संहिता, २०२० (पुढे 'सुरक्षा संहिता') मध्ये सामावला आहे, तर १९४७ चा औद्योगिक विवाद अधिनियम औद्योगिक संबंध संहिता, २०२० मध्ये. जुन्या कायद्यांखालचे नियम आणि अधिसूचना संहितेशी विसंगत नसतील तिथवर चालू राहतात. म्हणून कार्यालयात तुम्हाला अजूनही जुन्याच नमुन्यातले अर्ज दिसतील. त्याने गोंधळून जाऊ नका.

कामगारांच्या दृष्टीने तीन बदल मोठे आहेत. जुन्या वेतन प्रदान कायद्याला महिना २४,००० रुपयांची मर्यादा होती, त्यापेक्षा जास्त पगार असलेला कामगार त्या दारातून जाऊ शकत नव्हता. ती मर्यादा गेली. जुना दावा १२ महिन्यांत लावावा लागे, किमान वेतनाचा तर ६ महिन्यांत. आता दोन्हींना ३ वर्षं आहेत. आणि पगार उशिरा दिल्याबद्दल जुन्या कायद्यात १,५०० ते ३,००० रुपये एवढीच भरपाई मिळे. आता मंजूर झालेल्या दाव्याच्या दहा पटीपर्यंत भरपाईचा आदेश देण्याचा अधिकार आहे.

पण एक सावधगिरी. तुमची थकबाकी २१ नोव्हेंबर २०२५ च्या आधीची असेल, तर तीन वर्षांच्या भरवशावर राहू नका. तेवढ्या महिन्यांसाठी जुना १२ महिन्यांचा हिशेब धरा, आणि मुदत टळली असेल तर दाव्याबरोबरच विलंबमाफीचा वेगळा अर्ज जोडा. आजारपण, कंत्राटदाराने वेळोवेळी दिलेली आश्वासनं, कामगार कार्यालयात आधी केलेली तक्रार, ही सगळी कारणं तारखांसह लिहा. "अडाणी असल्यामुळे माहिती नव्हती" एवढ्या एका ओळीवर समोरचा वकील नक्की बोट ठेवतो.

पगाराची तारीख नेमकी कोणती

मासिक पगार असेल तर पुढच्या महिन्याच्या ७ तारखेच्या आत. पंधरवड्याचा असेल तर पंधरवडा संपल्यापासून दुसऱ्या दिवसाच्या आत, आठवड्याचा असेल तर आठवड्याच्या शेवटच्या कामाच्या दिवशी, रोजंदारी असेल तर पाळी संपताना. आणि काम सुटलं, कामावरून काढलं, राजीनामा दिला किंवा आस्थापना बंद झाली, तर सगळा हिशेब दोन कामाच्या दिवसांत.

यात "मूळ मालकाकडून बिल मिळाल्यावर" असं कुठेही लिहिलेलं नाही. बिल निघणं हा कंत्राटदार आणि मूळ मालक यांच्यातला व्यवहार आहे. पगार देण्याची ऐपत नसताना कंत्राट घेतलं, तर त्याची झळ कामगाराने सोसायची नसते. मुकादम "बिल नाही" म्हणाला की हे शांतपणे सांगा, आणि शक्य असेल तर त्याचं ते म्हणणं व्हॉट्सअ‍ॅपवर लेखी येईल असं बघा. पगार थकल्याची ती कबुलीच असते.

मूळ मालकाला कसं धरायचं

कायद्याचे दोन आधार आहेत.

पहिला आधार वेतन संहितेचं कलम ४३. नियोक्त्याने पगार दिला नाही, तर ज्या आस्थापनेत कामगार काम करतो तिच्या मालक कंपनीवर, फर्मवर किंवा व्यक्तीवर जबाबदारी येते. दुसरा आधार सुरक्षा संहितेचं कलम ५५. कंत्राटदाराने मुदतीत पगार दिला नाही किंवा कमी दिला, तर मूळ मालकाने पूर्ण किंवा राहिलेली रक्कम कामगारांना द्यायची आणि मग कंत्राटदाराच्या बिलातून किंवा कर्ज म्हणून वसूल करायची. १९७० च्या कायद्यातही कलम २१ (४) मध्ये हेच होतं, त्यामुळे यावर न्यायालयांचे निर्णय भरपूर आहेत. याच कलम ५५ नुसार पगार बँकेतून किंवा इलेक्ट्रॉनिक पद्धतीने द्यायचा आणि दिल्याची माहिती मूळ मालकाला कळवायची हे कंत्राटदारावर बंधनकारक आहे. म्हणजे "आम्हाला ठाऊकच नव्हतं" ही सबब मूळ मालकाला सहज घेता येत नाही.

सुरक्षा संहितेतला कंत्राटी कामगारांचा भाग ५० किंवा जास्त कंत्राटी कामगार असतील तिथे लागू होतो. तुमचा कंत्राटदार पंधरा-वीस माणसांचा असेल, तर अर्जात भर कलम ४३ वर द्या.

सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये, दिल्लीतल्या आशियाई स्पर्धांच्या बांधकामावरच्या मजुरांच्या प्रकरणात, कामगार कंत्राटदाराचे आहेत असं म्हणून सरकार आणि त्याच्या यंत्रणांना हात झटकता येणार नाहीत हे स्पष्ट केलं होतं. किमान वेतनापेक्षा कमी पैशात काम करून घेणं म्हणजे राज्यघटनेच्या कलम २३ मधली वेठबिगारी, हेही त्याच निकालात आहे. मूळ मालक सरकारी खातं किंवा महापालिका असेल, तर या निकालाचा उल्लेख अर्जात जरूर करा.

मूळ मालकाच्या हातात कंत्राटदाराची नाडी असते: चालू बिलं, अंतिम देयक आणि अनामत रक्कम. म्हणून टेंडर संपायच्या आधी मूळ मालकाला लेखी पत्र द्या की अमुक कामगारांचा अमुक महिन्यांचा पगार थकला आहे, तो चुकता झाल्याशिवाय अंतिम देयक आणि अनामत सोडू नये. त्याची आवक शिक्क्याची पोच घ्या. माझ्या मते या सगळ्या लढाईत हे सर्वांत स्वस्त आणि सर्वांत परिणामकारक पाऊल आहे. सरकारी खात्यातला लेखाधिकारी असं पत्र फाइलला लागल्यावर डोळे झाकून देयक मंजूर करत नाही, कारण उद्या तेच पैसे खात्याला दुसऱ्यांदा भरावे लागतील हे त्याला कळतं.

पुरावे: वाद पेटायच्या आधीच जमवा

पगार दिला हे सिद्ध करायचं ओझं वेतन संहितेच्या कलम ५९ ने नियोक्त्यावर टाकलं आहे. पण तुम्ही तिथे काम करत होतात हे तुम्हालाच दाखवावं लागतं, आणि कंत्राटदाराचा पहिला पवित्रा हाच असतो: "हा माणूस आमच्याकडे कधी नव्हताच."

नेमणूकपत्र बहुतेकांकडे नसतं. त्यामुळे या गोष्टी जपा: ओळखपत्र आणि गेटपास, ईएसआयचा विमा क्रमांक, भविष्यनिर्वाह निधीचा (पीएफचा) यूएएन हा खाते क्रमांक आणि पासबुक, बँक खात्याचा उतारा (आधीच्या महिन्यांचा पगार कोणत्या नावाने जमा झाला ते त्यात दिसतं), हजेरीच्या मस्टरचा फोटो, पाळीचं वेळापत्रक, मुकादमाचे संदेश, गणवेशावरचं कंत्राटदाराचं नाव, सुरक्षारक्षक असाल तर गेटवरच्या नोंदवहीतल्या तुमच्या सह्या.

पीएफ पासबुकाला फार वजन आहे. त्यात आस्थापनेचं नाव आणि महिन्यागणिक जमा झालेली रक्कम असते, आणि ती नोंद कंत्राटदाराने स्वतःच्याच विवरणपत्रातून केलेली असते. तीच नोंद तो पुढे कशी नाकारणार? पगारातून पीएफ कापला पण भरलाच नाही असं पासबुकात दिसलं, तर त्याची तक्रार पीएफ कार्यालयाकडे वेगळी करा. ती पगाराच्या दाव्यात मिसळू नका.

मस्टर तुमच्या हाती नसेल आणि मूळ मालक सरकारी असेल, तर माहितीचा अधिकार वापरा. १० रुपये शुल्क, दारिद्र्यरेषेखालच्यांना तेही नाही, ३० दिवसांत उत्तर. कार्यादेशाची प्रत, कंत्राटदाराने बिलांसोबत जोडलेली हजेरी आणि पगारपत्रकं, कंत्राटदाराला दिलेल्या रकमा तारखांसह, आणि अनामत रक्कम किती व परत केली का, एवढंच मागा. बऱ्याचदा यात दिसतं की कंत्राटदाराने बिल उचलण्यासाठी पूर्ण पगार दिल्याची पत्रकं जोडली आहेत, आणि त्यांवर कामगारांच्या खोट्या सह्या आहेत. असा कागद हाती आला की दाव्याचं पारडंच फिरतं.

मोबाइलवरचे संदेश आणि फोटो द्यायचे असतील, तर भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र जोडावं लागतं. स्क्रीनशॉट काढलेला फोन विकू नका, संदेश पुसू नका.

नावाचं तेवढं आताच तपासा. आधारवर एक, पीएफला दुसरं, मस्टरवर मुकादमाने टोपणनावाने लिहिलेलं, असं असेल तर "अमुक व तमुक या दोन्ही नावांची व्यक्ती एकच" असं प्रतिज्ञापत्र करून ठेवा. मुंबई महापालिकेच्या २,७०० कंत्राटी सफाई कामगारांची कचरा वाहतूक श्रमिक संघाने लढलेली मोठी लढाई सर्वोच्च न्यायालयात २०१७ मध्ये कामगारांच्या बाजूने लागली. तरीही नावं-पत्ते पडताळणीचा प्रश्न उरलाच. अक्षरातल्या चुकीने हक्काचा पैसा अडकू देऊ नका.

कोऱ्या कागदावर, कोऱ्या व्हाउचरवर किंवा "सर्व हिशेब पूर्ण मिळाला" असं छापलेल्या कागदावर पैसे हातात येण्याआधी सही करू नका. केलीच असेल, तर त्याच दिवशी स्पीड पोस्टने हरकतीचं पत्र पाठवा.

हिशेब मांडणं

"आमचे तीन महिन्यांचे पैसे द्या" असा अर्ज निकालापर्यंत जात नाही. महिन्यागणिक तक्ता लागतो. एका कल्पित सफाई कामगाराचा हिशेब करून दाखवतो. महिना १५,६०० रुपये, म्हणजे २६ दिवसांच्या हिशेबाने रोज ६०० रुपये. १५ जुलैला कंत्राट संपलं.

मार्चचा पगार: देय ७ एप्रिल, मिळाला २६ मे. ४९ दिवस उशीर.

एप्रिलचा पगार: देय ७ मे, मिळाला ३० जून. ५४ दिवस उशीर.

मेचा पगार: देय ७ जून, मिळाला नाही. १५,६०० रुपये.

जूनचा पगार: देय ७ जुलै, मिळाला नाही. १५,६०० रुपये.

जूनमधला ओव्हरटाइम: २० तास. तासाचा दर ७५, दुप्पट दराने १५०. ३,००० रुपये.

१ ते १५ जुलै: १३ हजेऱ्या, ७,८०० रुपये. काम संपल्यापासून दोन कामाच्या दिवसांत देय होते.

मूळ मागणी ४२,००० रुपये, आणि त्यावर भरपाई वेगळी. मार्च-एप्रिलचे पैसे मिळाले असले तरी त्या दोन ओळी तक्त्यात ठेवा. उशीर हा एखाद्या महिन्याचा अपवाद नसून कंत्राटदाराची रीतच आहे हे त्यातून दिसतं, आणि भरपाई किती द्यायची हे ठरवताना अधिकारी परिस्थिती पाहतो.

हिशेब करताना आधी तुमच्या कामाचा किमान वेतन दर तपासा. महाराष्ट्रात किमान वेतनावरचा विशेष भत्ता वर्षातून दोनदा, १ जानेवारी आणि १ जुलैपासून बदलतो. कंत्राटदार जुन्याच दराने देत असेल तर तो फरकही मागा. दावा कपातीआधीच्या एकूण पगारावर करा, हातात येणाऱ्या रकमेवर नाही. आणि फुगवू नका. एक महिना खोटा जोडलात की उलटतपासणीत बाकीचे खरे महिनेही संशयात येतात.

नोटीस

कंत्राटदार आणि मूळ मालक, दोघांच्या नावाने एकच पत्र. कोणी, कुठे, कधीपासून काम केलं, कोणते महिने थकले, किती रक्कम, आणि १५ दिवसांत न दिल्यास वेतन संहितेखाली दावा करू, एवढंच. भाषा साधी असू द्या, शिव्याशाप नकोत. १ सप्टेंबर २०२५ पासून टपाल खात्याने रजिस्टर्ड पोस्ट स्पीड पोस्टमध्ये विलीन केली आहे, म्हणून पत्र पोच मिळण्याची सोय घेऊन स्पीड पोस्टने पाठवा आणि ऑनलाइन डिलिव्हरीचा अहवाल छापून ठेवा. कंत्राटदाराचा पत्ता कार्यादेशावर किंवा परवान्यावर असतो. पत्र "घर बंद" शेऱ्याने परत आलं तर पाकीट न उघडता तसंच ठेवा.

कामगार कार्यालयात जाणं, आणि त्याची मर्यादा

आधी कोणाकडे जायचं ते ठरवा. रेल्वे, बंदरं, खाणी, बँका, केंद्राच्या कंपन्या यांतल्या कंत्राटी कामगारांसाठी केंद्रीय यंत्रणा आहे, म्हणजे प्रादेशिक कामगार आयुक्त (केंद्रीय). केंद्राच्या 'समाधान' पोर्टलवरही तक्रार नोंदवता येते. महापालिका, राज्य सरकारी रुग्णालयं, खासगी कारखाने, मॉल, सोसायट्या यांसाठी राज्याचं सहायक कामगार आयुक्तांचं कार्यालय. चुकीच्या दारात गेलेल्याचे दोन-चार महिने सहज जातात. सुरक्षारक्षक असाल आणि जिल्ह्याच्या सुरक्षारक्षक मंडळात नोंदणी असेल, तर पगार मंडळामार्फत येतो. मग तक्रारही आधी मंडळाकडे.

कामगार अधिकारी दोन्ही पक्षांना बोलावतो, कागद मागतो. बऱ्याच वेळा मूळ मालकाचा प्रतिनिधी समोर बसला की काही पैसे तिथल्या तिथे निघतात. ते घ्या, पण "थकबाकीपैकी अंशतः मिळाले, उर्वरित हक्क राखून" असं लिहूनच सही करा.

निरीक्षकाला दंडाची कारवाई सुरू करता येते. कमी पगार दिल्याबद्दल ५० हजार रुपयांपर्यंत दंड आहे. पाच वर्षांत पुन्हा तोच गुन्हा केला तर तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. मात्र दंड सरकारजमा होतो, त्यातून तुमचं घर चालत नाही. म्हणून कारवाई सुरू आहे म्हणून दावा थांबवू नका. मुदत कार्यालयातल्या तारखांसाठी थांबत नाही.

दावा कोणत्या दारात

इथे सर्वांत जास्त फसगत होते, म्हणून जरा सविस्तर.

थकलेला किंवा उशिरा मिळालेला पगार, कमी दिलेलं किमान वेतन, ओव्हरटाइम, बेकायदा कपात: यासाठी वेतन संहितेचं कलम ४५. दावा ऐकणारा प्राधिकारी राजपत्रित दर्जाचा असतो. जुन्या कायद्याखाली कामगार न्यायालयांच्या न्यायाधीशांनाही हे अधिकार मिळत, म्हणून कामगारांच्या तोंडी या दाव्याचं नाव 'लेबर कोर्टाची केस' असंच आहे. तुमच्या जिल्ह्यात हे अधिकार आता कोणाकडे आहेत ते कामगार कार्यालयात विचारून मगच अर्जाचं शीर्षक लिहा. अर्ज कामगार स्वतः, तो सदस्य असलेली नोंदणीकृत युनियन किंवा निरीक्षक करू शकतो. एकाच आस्थापनेतले कितीही कामगार एकच अर्ज करू शकतात. मी तर एकत्र अर्जाचाच आग्रह धरेन. एकट्याला कामावरून काढणं सोपं असतं, चाळीस जणांना अवघड.

दुसरं दार म्हणजे जुन्या औद्योगिक विवाद कायद्याचं कलम ३३-सी (२), जे आता औद्योगिक संबंध संहितेच्या कलम ५९ मध्ये आहे. हे फक्त आधीच ठरलेल्या हक्काची रक्कम मोजण्यासाठी. करार, निवाडा किंवा मान्य दर हाती असेल तर उपयोगी. पण "कायम कामगाराएवढाच पगार आम्हालाही हवा" असा नवा हक्क इथे ठरत नाही. दिल्ली महापालिकेच्या रोजंदारी कामगारांनी नेमका असा अर्ज केला होता आणि १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो या कलमात बसत नाही असं सांगितलं. पगार थकल्याच्या साध्या प्रकरणात समान वेतनाची मागणी घुसवली की सगळा दावा लोंबकळतो. ती वेगळी लढाई आहे, वेगळीच लढा.

तिसरं दार महाराष्ट्राचं खास: १९७१ चा कामगार संघटना मान्यता व अनुचित श्रमप्रथा प्रतिबंध कायदा, ज्याला सगळे 'पल्प' म्हणतात. तक्रारीची मुदत ९० दिवस. पण मूळ मालक "हे आमचे कामगारच नाहीत" म्हणाला आणि ते नातं आधी कुठे सिद्ध झालेलं नसेल, तर त्याच्याविरुद्धची तक्रार टिकत नाही. कल्याणी स्टील्स आणि सिप्ला या दोन्ही प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये हेच ठरवलं. कित्येक चांगल्या लढ्यांची वर्षं या दारात गेली आहेत. केवळ पगार हवा असेल तर तिकडे वळू नका. कलम ४५ खाली मूळ मालक तुमचा थेट नियोक्ता आहे असं सिद्ध करावं लागत नाही. त्याची जबाबदारी कायद्यानेच ठरवलेली आहे.

अर्ज कसा लिहायचा

लांबलचक लिहू नका. ढाचा साधारण असा:

"अर्जदार हे सामनेवाले क्र. १ (कंत्राटदार) यांच्यामार्फत सामनेवाले क्र. २ (मूळ मालक) यांच्या आस्थापनेत दिनांक ... पासून दिनांक ... पर्यंत सफाई कामगार म्हणून काम करत होते. अर्जदारांचा मासिक पगार रु. ... होता व तो पुढील महिन्याच्या ७ तारखेच्या आत देय होता. सोबतच्या परिशिष्ट 'अ' मध्ये दाखवल्याप्रमाणे पगार दिलेला नाही अथवा विलंबाने दिला आहे. सामनेवाले क्र. १ यांनी पगार न दिल्यामुळे वेतन संहितेच्या कलम ४३ नुसार तो देण्याची जबाबदारी सामनेवाले क्र. २ यांची आहे. सबब विनंती की, रु. ... इतका पगार व त्याच्या दहा पटीपर्यंत योग्य ती भरपाई देण्याचा आदेश सामनेवाले क्र. १ व २ यांच्याविरुद्ध एकत्रितपणे व स्वतंत्रपणे व्हावा."

शेवटचे शब्द, "एकत्रितपणे व स्वतंत्रपणे", विसरू नका. त्यामुळेच पुढे पूर्ण रक्कम दोघांपैकी कोणाकडूनही वसूल करता येते.

अर्जासोबत आणखी एक छोटा अर्ज द्या: सामनेवाल्यांनी मस्टर, पगारपत्रकं आणि बँकेतून पैसे दिल्याचे तपशील हजर करावेत. ते हजर केले नाहीत, तर "कागद विरोधात जाणारे होते म्हणून दडवले" असा निष्कर्ष काढायची विनंती युक्तिवादात करता येते.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. १९८७ च्या कायद्याने औद्योगिक कामगार, स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. हेल्पलाइन १५१००.

तारखा पडायला लागल्यावर

समन्स जातं. कंत्राटदार पहिल्या तारखांना येत नाही, नंतर वकील वकीलपत्र दाखल करतो आणि कैफियतीसाठी, म्हणजे लेखी उत्तरासाठी, मुदत मागतो. तीन महिन्यांत निकालाचा प्रयत्न व्हावा असं संहिता सांगते. मुदतवाढीला दर वेळी याच तरतुदीचा हवाला देऊन हरकत नोंदवा, ती रोजनाम्यात (तारखेच्या कामकाजाच्या नोंदीत) उतरू द्या. समन्स बजावल्यावरही तो आला नाही, तर प्रकरण एकतर्फी चालवण्याचा अर्ज द्या.

तुमची साक्ष प्रतिज्ञापत्रावर होईल, कागदांना निशाणी क्रमांक पडतील, मग उलटतपासणी. ठरलेले प्रश्न येतात. "तुम्हाला उचल दिली होती ना?" दिली नसेल तर स्पष्ट नाही म्हणा. दिली असेल तर किती आणि कधी ते खरं सांगा, कारण ती तक्त्यातून आधीच वजा केलेली असली पाहिजे. "तुम्ही अधूनमधूनच यायचात?" इथे हजेरीच्या फोटोवर बोट ठेवा. आठवत नसेल तर आठवत नाही म्हणा, अंदाज करू नका.

मूळ मालकाचा वकील बहुधा सांगतो की आम्ही कंत्राटदाराचं बिल पूर्ण चुकतं केलं. असेलही. पण बिल चुकतं केल्याने कामगारापुढची जबाबदारी संपत नाही. ते पैसे परत मिळवणं हा त्याचा आणि कंत्राटदाराचा प्रश्न. युक्तिवादात एवढंच ठामपणे मांडा.

मध्येच तडजोडीचा प्रस्ताव येईल. मूळ पगार पूर्ण मिळत असेल आणि भरपाईवर थोडं सोडावं लागत असेल, तर कामगारांनी एकत्र बसून विचार करावा. मूळ पगारातच काटछाट असेल तर मी स्वीकारू नका म्हणेन. तडजोड झालीच तर पैसे बँकेतून, आणि खात्यात जमा झाल्यावरच पुरसिस (तडजोड झाल्याचं लेखी निवेदन) दाखल करा. पुढच्या तारखेचा चेक घेऊन प्रकरण निकाली काढू देऊ नका.

आदेश मिळाला, पैसे नाही

अपिलाची मुदत ९० दिवस आहे. आदेशाची प्रमाणित नक्कल लगेच काढा आणि दोन्ही सामनेवाल्यांना पत्रासोबत पाठवा. तरी पैसे आले नाहीत, तर प्राधिकाऱ्याकडे वसुली दाखल्याचा अर्ज करा. तो दाखला आस्थापना असलेल्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते.

प्रत्यक्षात दाखला जिल्हाधिकारी कार्यालयातून तहसीलदाराकडे जातो, आणि तिथे तो ढिगात पडून राहू शकतो. जावक क्रमांक आणि तारीख लिहून घ्या. तहसील कार्यालयात जाऊन आवक क्रमांक मिळवा. सोबत मालमत्तेची माहिती स्वतः द्या: कंत्राटदाराचं बँक खातं (तुमच्या जुन्या पगाराच्या उताऱ्यावर दिसतं), गाड्यांचे क्रमांक, त्याला दुसऱ्या कोणत्या खात्यात काम मिळालं आहे, तिथलं देयक कधी निघणार आहे. एवढी माहिती हाती आल्यावर तहसील कार्यालयाला पुढे सरकायला निमित्त उरत नाही. मूळ मालक सरकारी खातं किंवा महापालिका असेल तर आदेशाची प्रत लेखा विभाग आणि विधी विभाग या दोन्हींकडे द्या. दोन विभागांपैकी एकाकडे प्रत नसणं हे कागद अडकायचं नेहमीचं कारण आहे.

वसूल झालेली रक्कम प्राधिकाऱ्याकडे जमा होते आणि तिथून कामगारांना मिळते. मधल्या काळात पत्ता, फोन किंवा बँक खातं बदललं तर तेही अर्ज करून कळवा. एखाद्या अर्जदार कामगाराचा मृत्यू झाला असेल, तर त्याच्या वारसांचं नाव रेकॉर्डवर आणण्याचा अर्ज रक्कम वाटपाच्या आधीच द्यावा लागतो, म्हणून सोबतच्या कामगारांनी त्या कुटुंबाला वेळेवर निरोप पोहोचवावा.